शेवटच्या राजाची भाकरी

महिन्याच्या दुसऱ्या शनिवारी दुपारी अमेरिकेतल्या श्रूजबरी गावच्या वाचनालयात, तळघरातल्या खोलीत मराठी ज्येष्ठांचा कट्टा भरतो. वीस-बावीस माणसं येतात. पुरुष खिडकीच्या बाजूला बसतात, बायका भिंतीच्या. कुणी ठरवून दिलेलं नाही, पण होतं तसंच. चहा माझ्याकडे असतो. घरून दोन मोठ्या थर्मासांत करून नेते आणि दाराजवळच्या टेबलापाशी उभी राहते. अकरा वर्षं झाली, साखरेचा की बिनसाखरेचा यापलीकडे मी तिथं फारसं बोललेली नाही. मला त्याचं वाईट वाटत नाही. त्या टेबलापाशी उभं राहिलं की सगळं नीट ऐकू येतं.

गेल्या सप्टेंबरात ह्यांनी कट्ट्यावर इराणच्या जुन्या साम्राज्यांवर चार भाषणं द्यायला घेतली. हे इंजिनियर. अमेरिकेत येण्याआधी अडीच वर्षं इराणमध्ये, शिराझजवळच्या एका धरणाच्या कामावर होते. आमच्या लग्नाला तेव्हा वर्षही झालं नव्हतं. मी त्यांच्या मामाची मुलगी, लग्न लहानपणीच ठरल्यासारखं होतं, त्यामुळे माझी शाळा चौथीत थांबली हे कुणाला खटकलं नाही. पाचवीचा वर्ग नदीपलीकडच्या गावात होता आणि मुलींना नावेतून पाठवत नसत.

ह्यांची पत्रं यायची तिकडून. त्यांत स्वतःबद्दल दोन ओळी आणि राजांबद्दल दोन पानं. सासूबाई विचारायच्या, "काय लिहितोय?" मी म्हणायची, "बरे आहेत." राजांचं काय सांगणार? पण ती पानं मी पुन्हापुन्हा वाचायची. चौथीत शिकलेलं वाचन माझ्याकडे टिकलं ते त्या पत्रांमुळे. एका पत्रात फोटो होता. जुन्या राजवाड्याचा दगडी जिना, जिन्याच्या भिंतीवर कोरलेली माणसांची रांग, आणि शेजारी हे, बारीक, डोळे मिचकावून उन्हात उभे. रांगेतली माणसं राजाला भेटी घेऊन निघाली होती. त्यांत एकजण उघड्या अंगाचा, धोतरासारखं नेसलेला, खांद्यावर कावड घेतलेला. फोटोच्या मागे ह्यांनी लिहिलं होतं, 'हा आपल्याकडचा.'

निवृत्त झाल्यावर ह्यांनी पुस्तकं जमवली, वह्या भरल्या, आणि सकाळी मी पोळ्या करत असताना ओट्याशी स्टूल घेऊन मला सांगायला लागले. "तुला कळलं तर सगळ्यांना कळेल," असं म्हणायचे. मला राग यायचा नाही. मला खरंच कळायचं.

पहिलं साम्राज्य हखामनींचं. डोंगरातल्या एका लहान राज्याचा राजा उठतो आणि बाबिलोनपर्यंत सगळं घेतो. जिंकलेल्या लोकांचे देव तो फोडत नाही, ज्याचे त्याला परत नेऊन देतो. पुढचा एक राजा रस्ते बांधतो, ठिकठिकाणी ताजे घोडे ठेवतो. मग ग्रीकांचा तरुण राजा येतो आणि तो जिन्याचा राजवाडा जाळतो. छपरं लाकडाची होती, ती जळाली. खांब राहिले. त्यानंतर काही काळ ग्रीक सरदारांचं राज्य. मग पार्थियन, घोडा पुढे पळवत मागे वळून बाण मारणारे. आणि शेवटी सासानी. त्यांच्या नाण्यांवर अग्नी असायचा. त्यांचा मुकुट इतका जड होता म्हणे, की तो डोक्यावर ठेवत नसत, छताला साखळीनं टांगत आणि राजा त्याच्याखाली येऊन बसे. हे ऐकलं तेव्हा माझी पोळी तव्यावर करपली होती.

पहिली दोन भाषणं चांगली झाली. पहिल्या भाषणात ह्यांनी एक गंमत सांगितली, की राजाचा निरोप थोड्या दिवसांत साम्राज्याच्या या टोकापासून त्या टोकाला पोचायचा आणि माझं पत्र हिला पोचायला महिना लागायचा. सगळ्यांनी वळून माझ्याकडे पाहिलं आणि मी कपांकडे.

हिवाळ्यात कट्टा बंद असतो, बर्फातून म्हाताऱ्या माणसांना कोण आणणार. त्या महिन्यांत, हळूहळू वाढत चाललेल्या ह्यांच्या विसरण्याला नाव मिळालं. हॉस्पिटलातल्या डॉक्टरांनी तपासण्या करून सांगितलं की हा आजार हळूहळू वाढेल, बरा होणार नाही. हे घरी आल्यावर म्हणाले, "दोन भाषणं राहिलीत. तेवढी उरकून घेऊ." जणू आजाराला तारीख देत होते.

मार्चमध्ये तिसरं भाषण होतं, पार्थियनांचं. हे उभे राहिले, चष्मा लावला आणि म्हणाले, "डोंगरात एक लहान राज्य होतं." मला वाटलं मागची उजळणी करतायत. पण मग बाबिलोन आलं. मग रस्ते आले, घोडे आले, आणि माझ्या पत्राची गंमत आली. लोक हसले. सप्टेंबरात जिथं हसले होते तिथंच, तेवढंच हसले. कुणी म्हणालं नाही की हे झालंय. शेवटी टाळ्या वाजवल्या, आणि एका काकांनी सप्टेंबरातलाच प्रश्न विचारला, "मग तो राजवाडा जाळला कुणी?" त्यांना माहीत होतं कुणी जाळला ते. ह्यांना बरं वाटावं म्हणून विचारलं. मी चहा ओतत होते, थर्मास खाली ठेवला. चांगली माणसं आहेत सगळी. पण इतकं सांभाळून घेतलेलं मला बघवेना.

कट्टा चालवतात ते नागपूरचे एक निवृत्त डॉक्टर. आम्हाला गाडीतून तेच नेतात-आणतात, कारण ह्यांचं ड्रायव्हिंग आता बंद आहे आणि मी कधी शिकले नाही. पार्किंगमध्ये ते ह्यांना म्हणाले, "भाऊ, तुमचं साम्राज्य लय मजबूत निघालं. पडायचं नावच नाही घेत."

"पुढच्या महिन्यात पाडतो," हे म्हणाले आणि हसले.

दुसऱ्या दिवशी डॉक्टरांचा मला फोन आला. "वहिनी, राग मानू नका. एप्रिलमध्ये गाण्याचा कार्यक्रम ठेवू का? भाऊंना सांगू, हॉलची वेळ बदलली म्हणून."

मी म्हटलं, "विचारून सांगते." कुणाला विचारणार होते कोण जाणे.

मुलगी लांब, हर्नडनला असते, तिथं कॉम्प्युटरच्या कंपनीत आहे. तिला सांगितलं तर म्हणाली, "आई, कॅन्सल करून टाक ना प्लीज. परत तसंच झालं तर? बाबांना नंतर कळलं तर किती एम्बॅरसिंग आहे ते."

"त्यांना शेवटचं बोलायचंय गं."

"मग बाबांना मला व्हिडिओ कॉलवर बोलून दाखवू दे. मी ऐकते की."

"तुला एका राजाचं तरी नाव माहीत आहे का?"

"तुला आहेत?"

मला सगळी माहीत होती. उलटसुलट विचारली तरी सांगता आली असती.

डॉक्टरांना मी फोन करून सांगितलं की भाषण राहू द्या. ते म्हणाले, "बघा बाप्पा. तुम्ही म्हणाल तसं. पण लोक हसले तर चालते वहिनी, लोक गप्प बसले ना, ते वाईट." त्यांचं बरोबर होतं. भाषण पुन्हा फसलं असतं तर ह्यांना कुणी टाकून बोललं नसतं. सगळ्यांनी आणखी गोड वागायला सुरुवात केली असती, आणि हे कधीतरी, एखाद्या बऱ्या दिवशी, ते ओळखून बसले असते.

ह्यांच्या वह्या मी काढून पाहिल्या. निम्मं इंग्रजीत, बारीक अक्षर, बाण काढलेले, समासात टिपा. ह्यांना स्वतःलाच त्यातून वाट सापडत नव्हती. पान उलटलं की पुन्हा पहिल्या पानावर जायचे. मग मी दुकानातून रेघांच्या पुठ्ठ्याच्या कार्डांची गड्डी आणली. इथं बायका त्यांवर पाककृती लिहून ठेवतात. जाड मार्कर आणला. सकाळी हे आंघोळीला गेले की मी बसायची. एका कार्डावर चार-पाच ओळी, मोठ्या अक्षरात, आणि वर कोपऱ्यात आकडा. वह्यांतलं इंग्रजी मला येत नाही, त्यामुळे वहीतून नाही लिहिलं. इतकी वर्षं ओट्याशी ऐकलं होतं, त्यातून लिहिलं.

लिहिताना काही ठिकाणी माझा हात रेंगाळला. सासान्यांची शेवटची वर्षं सांगताना हे नेहमी घाईत असायचे. रोमशी वर्षानुवर्षं लढाई, खजिना रिकामा, साथीनं माणसं मेलेली, मोठ्या राजाला त्याच्याच मुलानं उलथून टाकलेलं, मग चार वर्षांत दहा-बारा जण गादीवर. "त्यात दोन मुलीपण बसवल्या होत्या," असं म्हणून हे पुढे जायचे. मी एकदा पोळी लाटता लाटता विचारलं होतं, "काय केलं त्यांनी?" तर थांबून पुस्तकात बघून सांगितलं होतं, की थोरलीनं पूल दुरुस्त केले, कर माफ केले, रोमशी तह केला. दोघींनाही फार दिवस मिळाले नाहीत. मी त्यांच्यासाठी एक अख्खं कार्ड लिहिलं.

शेवटच्या राजाचं कार्डही मोठं झालं. अरबांच्या फौजा येतात, राजधानी पडते, आणि तो तरुण राजा पूर्वेकडे पळत सुटतो. एकेका सुभ्याचा अधिकारी त्याला थोडे दिवस ठेवून घेतो आणि मग दार बंद करतो. शेवटी तो एका पाणचक्कीत शिरतो, आणि तिथल्या गिरणीवाल्याच्या हातून मारला जातो. चारशे वर्षांचं राज्य पिठाच्या गिरणीत संपतं. मी लिहिलं, 'गिरणीवाल्यानं त्याला बसायला पोतं दिलं. भाकरी दिली. त्याला माहीत नव्हतं हा राजा आहे.' मग पुढचं लिहिलं.

कार्डं ह्यांच्यापुढे ठेवली. म्हटलं, "अहो, तुमचंच आहे. मी नुसतं मोठ्या अक्षरात उतरवलंय, चष्म्याचा त्रास नको म्हणून."

त्यांनी दोन-तीन कार्डं लांब धरून वाचली. "वेलांट्या चुकल्यात," म्हणाले.

"मग दुरुस्त करा."

"राहू दे. वाचता येतंय."

रोज सकाळी आम्ही ती कार्डं घ्यायचो. हे एक वाचायचे, खाली ठेवायचे, पुढचं उचलायचे. कधी नीट व्हायचं, कधी नवव्या कार्डावर थांबून विचारायचे, "हे कुठलं?" मी आकडा दाखवायची. आकड्यावर त्यांचा विश्वास होता, इंजिनियर माणूस.

एप्रिलच्या त्या शनिवारी पाऊस होता आणि जास्त लोक आले. डॉक्टरांनी सांगून ठेवलं असणार. मी टेबलापाशी उभी राहिले आणि कार्डांची गड्डी ह्यांच्या हातात दिली तेव्हा पहिलं कार्ड वर आहे ना ते दोनदा पाहिलं.

हे उभे राहिले. "पार्थियन लोक घोड्यावर बसून मागे बाण मारायचे," त्यांनी वाचलं, आणि माझा जीव भांड्यात पडला. एक कार्ड खाली, दुसरं वर. वाचल्यासारखं वाटत होतं खरं, पण चालू होतं. भिंतीच्या बाजूच्या एक काकू शेजारणीला म्हणाल्या, "आज सोपं बोलतायत नाही?" सासानी आले, अग्नी आला, टांगलेला मुकुट आला. "मान सुटली बिचाऱ्याची," कुणीतरी म्हणालं. दोघी राण्यांचं कार्ड आलं तेव्हा बायकांकडे चुळबुळ झाली. त्याच काकू सगळ्यांना ऐकू जाईल अशा म्हणाल्या, "म्हणजे घर पेटल्यावर बायकांच्या हातात किल्ल्या दिल्या म्हणायच्या." खोली हसली. हेही हसले. मला वाटलं, आता पार पडलं.

शेवटून दुसरं कार्ड त्यांनी उचललं. राजा पळाला. दारं बंद झाली. पाणचक्की आली. "गिरणीवाल्यानं त्याला बसायला पोतं दिलं. भाकरी दिली." आणि थांबले. कार्ड डोळ्यांजवळ नेलं, लांब नेलं.

"हे मी लिहिलेलं नाही," ते म्हणाले.

त्यांनी कार्ड उलटून मागची बाजू पाहिली.

"भाकरी दिली असं माझ्या नोट्समध्ये नाही. पोतं नाही. हे कुणी घातलं?"

तेव्हा माझ्या लक्षात आलं. त्यांनी मला कधीच भाकरीचं सांगितलं नव्हतं. मी शपथेवर सांगितलं असतं की सांगितलं होतं. माझ्या आजोळी पिठाची गिरणी होती. लांबून पायी दळण घेऊन आलेल्या माणसाला मामी भाकरी खाल्ल्याशिवाय जाऊ देत नसे, पोतं झटकून बसायला द्यायची. गिरणीत माणूस आला म्हणजे त्याला भाकरी मिळाली, हे माझ्या मनात इतकं पक्कं होतं, की मी ते इराणच्या राजालाही देऊन बसले आणि मला कळलंही नाही. आता ते ह्यांच्या हातात होतं, वीस-पंचवीस माणसांसमोर, माझ्या चुकलेल्या वेलांट्यांसकट.

डॉक्टर उठले. "भाऊ, चहा घेऊ या का आधी? गरम आहे तोवर?"

"थांबा," हे म्हणाले. त्यांचा आवाज कामावरच्यासारखा होता, जुना. कार्ड त्यांनी टेबलावर पालथं ठेवलं. "भाकरी दिली होती. जवाची. आणि नदीकाठी उगवते तसली काहीतरी भाजी. माझा ड्रायव्हर सांगायचा."

आणि मग ते बोलायला लागले. कार्डाशिवाय. धरणावर त्यांना एक वयस्कर ड्रायव्हर दिलेला होता, मोठ्या मिशांचा, त्याच्या गावात हिवाळ्यात लोक जमून जुन्या राजांच्या गोष्टी ऐकायचे. शिराझच्या रस्त्यावर तो ह्यांना थोड्या इंग्रजीत आणि जास्त हातवाऱ्यांत हे सगळं सांगायचा. गिरणीवाल्यापुढे एक अनोळखी माणूस बसलाय, अंगावर जरीचे कपडे, आणि भुकेला. गिरणीवाला म्हणतो, माझ्याकडे जवाची भाकरी आहे, चालेल का? राजा म्हणतो चालेल, पण जेवणाआधी त्याला त्याच्या धर्माची प्रार्थना करायची आहे, त्यासाठी पवित्र काड्यांची जुडी हवी. गिरणीवाला ती मागायला गावात जातो, आणि तिथंच लोकांना संशय येतो, की गिरणीत बसून असली जुडी मागणारा हा कोण. "म्हणजे बघा," हे म्हणाले, "तशीच भाकरी खाल्ली असती तर वाचला असता. ड्रायव्हर हे सांगताना स्टिअरिंग सोडायचा. मी त्याला म्हणायचो, बाबा रे, राजा मेला तो मेला, तू रस्त्याकडे बघ."

पन्नास वर्षांत ह्यांनी मला हे सांगितलं नव्हतं. पत्रात नाही, ओट्याशी नाही. दहा-बारा मिनिटं बोलले असतील. कुठंही अडकले नाहीत. राजा मेला, नदीत टाकला, त्याची मुलं लांब चीनच्या दरबारात गेली, काही शतकांनी इराणातले काही लोक गलबतांतून आपल्या गुजरातच्या किनाऱ्याला लागले आणि अग्नी बरोबर घेऊन आले. "एवढंच," म्हणाले आणि बसले.

मग टाळ्या झाल्या. कुणीही ओळखीचा प्रश्न विचारला नाही. विचारले ते खरे प्रश्न होते, आणि त्यांतल्या पहिल्याच प्रश्नाला हे अडखळले, दुसऱ्याला माझ्याकडे पाहिलं. मी चहा फिरवायला घेतला.

डॉक्टर कप घ्यायला टेबलाशी आले. खूश होते. "वहिनी, मीच चुकलो बरं का. भाऊ तर फॉर्मात आहेत. काहून बंद करायचं? सप्टेंबरपासून रोमवर ठेवू, चार भाषणं."

"नको," मी म्हटलं.

"अहो, पण आज तर..."

"आजचं झालं म्हणूनच. हे त्यांचं शेवटचं. ते विचारतील, तर तुम्ही हो म्हणू नका."

त्यांनी माझ्याकडे पाहिलं, कपात फुंकर घातली आणि म्हणाले, "बरं." त्यांच्यातल्या डॉक्टरानं ते ऐकलं असावं.

मुलीला मी फोनवर एवढंच सांगितलं की छान झालं. ती म्हणाली, "रेकॉर्ड केलं का कुणी?" कुणीच केलं नव्हतं. म्हणून मी हे इथं लिहून ठेवते आहे, ड्रायव्हरचं तरी राहावं.

मे महिना लागल्यावर एका सकाळी हे स्टूल घेऊन ओट्याशी बसले आणि म्हणाले, "या शनिवारी कार्डं लागतील. कुठं ठेवलीस?"

मी खोटं सांगू शकले असते, वेळ बदलली वगैरे. मी गॅस बारीक केला. "भाषणं संपली आता. चारही झाली."

"रोमचं राहिलंय. डॉक्टर म्हणत होते."

"त्यांना मी नको म्हटलं."

"तू?"

"हो."

"तुला कुणी सांगितलं होतं?"

"कुणी नाही."

त्यांनी स्टूल मागे सरकवलं. पोळी फुगली, मी उतरवली. मला वाटलं उठून जातील.

"मला विचारायचं होतंस," ते म्हणाले.

"विचारलं असतं तर तुम्ही ऐकलं असतंत?"

"नाही."

"मग."

त्यांनी पोळीचा एक तुकडा तोडला, फुंकर मारली आणि तसाच खाल्ला. नंतर विचारलं, शेवटचं कसं झालं होतं. मी बसले आणि त्यांना सांगितलं, पार्थियनांपासून, ड्रायव्हरपर्यंत.